आधी अंदाज, मग ताळा

सातवीच्या वर्गात ‘५क्ष – ७ = ४८’ हे समीकरण फळ्यावर लिहिले, की मुलांचे दोन गट पडतात. एक गट ७ ला उजवीकडे नेतो, चिन्ह बदलतो, ५५ ला ५ ने भागतो आणि ११ लिहून मोकळा होतो. दुसरा गट वहीच्या समासात पेन्सिलीने काहीतरी करत बसतो. १० घेऊन पाहू. पन्नासातून सात गेले, त्रेचाळीस, कमी पडले. १२ घेऊ. साठातून सात गेले, त्रेपन्न, जास्त झाले. मग ११! उत्तर दोघांचेही बरोबर. दुसऱ्याच्या वहीत मात्र लाल शाईचा शेरा येतो, ‘रीत कुठे आहे?’ आणि एक गुण जातो.

रीत होती, समासात होती. तिला प्रयत्न-प्रमाद पद्धत म्हणतात. एक संख्या धरायची, ती घालून ताळा पाहायचा, किती चुकले ते मोजायचे आणि त्या चुकीवरून पुढची संख्या ठरवायची. शाळेत या पद्धतीला मान कमीच. पण शाळेबाहेर ती रोज आणि अतिशय गंभीरपणे वापरली जाते, ती दवाखान्यात. रक्त पातळ ठेवणारी गोळी, थायरॉइडची गोळी, इन्सुलिन, फिटचे औषध यांचा एखाद्या माणसाला नेमका किती डोस लागेल, हे पहिल्या दिवशी कोणत्याही डॉक्टरला ठाऊक नसते. तो आकडा क्ष असतो.

गैरसमजाची सुरुवात इथेच होते. थायरॉइडची गोळी आधी ५० ची, दीड-दोन महिन्यांनी ७५ ची, नंतर पुन्हा ६२.५ ची. ‘दर वेळी डोस बदलतात. यांनाच नक्की माहीत नाही, आपल्यावर प्रयोग चाललाय,’ असे शेजारच्याला सांगणारा कोणीतरी प्रत्येक ओपीडीबाहेरच्या बाकावर असतोच. त्यातले काही जण डॉक्टर बदलतात आणि नवे डॉक्टर बिचारे पुन्हा पहिल्या अंदाजापासून सुरुवात करतात. काही जण त्याहून धोक्याचे करतात. गोळी बंद करतात, नाही तर मनानेच वाढवतात. हृदयात कृत्रिम झडप बसवलेल्या माणसाने रक्त पातळ ठेवणारी गोळी सोडली, तर झडपेवर गुठळी धरून ती अडकू शकते. त्यानेच ती दुप्पट केली, तर मेंदूत रक्तस्राव होऊ शकतो. अंदाजाने उत्तर काढण्याची ही रीत रुग्णाच्या घरातही माहीत असायला हवी ती यासाठी.

रीत फार जुनी आहे. अलेक्झांडर हेन्री ऱ्हाइंड हा स्कॉटिश गृहस्थ प्रकृतीसाठी कोरड्या हवेच्या इजिप्तला गेला होता. तिथे लक्झर गावी १८५८ मध्ये त्याने पपायरसची एक गुंडाळी विकत घेतली. अहमेस नावाच्या लेखनिकाने इसवी सनापूर्वी सुमारे १५५० मध्ये, त्याहूनही जुन्या मजकुरावरून ती उतरवून घेतली होती. आज ती ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. तिच्यातले २४ वे उदाहरण असे : एक राशी आणि तिचा सातवा भाग मिळून १९ होतात, तर राशी कोणती? उत्तर काढताना आधी ७ धरले आहेत. का? तर ७ चा सातवा भाग काढायला सोपा. सात आणि एक आठ. हवे होते १९. म्हणजे ८ ला जितक्या पटीने वाढवले की १९ होतात, तितक्याच पटीने ७ ला वाढवायचे. उत्तर येते १६ पूर्णांक ५/८. यात गंमत अशी, की ७ हे उत्तर नाही हे लिहिणाऱ्याला ते धरतानाच माहीत होते. चुकीचा आकडा त्याने मुद्दाम, सोयीचा म्हणून निवडला.

हीच युक्ती भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त ‘इष्टकर्म’ या नावाने येते. इष्ट म्हणजे आपल्या मर्जीने धरलेली संख्या. त्यातले कमळांचे उदाहरण प्रसिद्ध आहे. कमळांच्या राशीतला तिसरा भाग शंकराला, पाचवा विष्णूला, सहावा सूर्याला, चौथा देवीला वाहिला आणि उरलेली ६ कमळे गुरूंच्या चरणी ठेवली. एकूण कमळे किती? अपूर्णांकांच्या वाटेला न जाता ६० कमळे धरून पाहावीत. २०, १२, १० आणि १५ मिळून ५७ गेली, उरली ३. हवीत ६, म्हणजे दुप्पट. कमळे १२०. भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला होता. त्याची हकिकत सांगणारा चाळीसगावजवळच्या पाटणचा शिलालेख एकोणिसाव्या शतकात अभ्यासकांसमोर आणणारे डॉ. भाऊ दाजी लाड हे पेशाने डॉक्टर होते, मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजच्या पहिल्या तुकडीतले.

काही औषधे या कमळांसारखी सरळ वागतात. मनाच्या टोकाच्या चढउतारांसाठी, म्हणजे बायपोलर आजारासाठी दिले जाणारे लिथियम हे त्यातले एक. समजा एखाद्याला दिवसाला ६०० मिलिग्रॅम दिल्यावर रक्तातले प्रमाण ०.५ आले आणि हवे आहे ०.७५. मूत्रपिंडे जशीच्या तशी काम करत असतील, तर डोस दीडपट, म्हणजे ९००. एक अंदाज, एक ताळा आणि बहुतेक वेळा उत्तर हाती. अट एवढीच, की रक्त शेवटच्या गोळीनंतर १२ तासांनी दिलेले असावे आणि डोस बदलून पाच-सात दिवस झालेले असावेत. सकाळची गोळी घेऊन लगेच रक्त दिले तर आकडा फुगलेला येतो आणि पुढचे सगळे गणित त्या फुगलेल्या आकड्यावर उभे राहते.

इष्टकर्म चालते ते दोन्ही बाजू सारख्या पटीने वाढतात तिथे. शरीरात हे नेहमी घडत नाही. फिटसाठी १९३८ पासून वापरात असलेले फेनिटॉइन हे त्याचे सर्वांत शिकवणारे उदाहरण. हे औषध यकृतातली विकरे मोडतात आणि त्या विकरांची रोजची ताकद ठरलेली असते. औषध थोडे असेपर्यंत ती आरामात पुरी पडतात. डोस वाढत गेला की त्यांची दमछाक होते. मग वाढवलेले थोडेसे औषधही मोडायचे राहून जाते आणि रक्तात साचते. टोलनाक्यावरच्या रांगेसारखे हे आहे. नाक्याची क्षमता संपेपर्यंत रांग दिसत नाही आणि एकदा क्षमता भरली की चार गाड्या जास्त आल्या तरी रांग मागे पसरत जाते.

आकड्यांत पाहू. समजा एका माणसाचे यकृत दिवसाला जास्तीत जास्त ४५० मिलिग्रॅम फेनिटॉइन मोडू शकते. ३०० मिलिग्रॅमवर त्याच्या रक्तातले प्रमाण ८ आले. हवे असते १० ते २० मायक्रोग्रॅम दर मिलिलिटरला. १६ गाठायचे ठरवले आणि कमळांची रीत लावली, तर उत्तर येते ६००. हा आकडा यकृताच्या कमाल क्षमतेच्याही वर आहे, त्यामुळे प्रमाण १६ वर थांबणारच नाही, दिवसागणिक चढत जाईल. प्रत्यक्षात या माणसाला ३५० वर १४ आणि ३६० वर १६ मिळतात. ४०० वर तर ३२ होतात. म्हणजे पन्नासची पहिली वाढ औषध कामाला लावते आणि पन्नासचीच दुसरी वाढ विषबाधा करते. डोळे थरथरतात, जीभ जड होते, चालताना तोल जातो. असा माणूस रस्त्यात झोकांड्या देत असेल, तर लोक तो प्यायला आहे असेच समजतात. रुग्ण स्वतः हे सांगत नाही, कारण त्याला वाटते चक्कर आजाराचीच आहे. फेनिटॉइनचा डोस इतक्या लहान पायऱ्यांनी वाढवतात त्यामागे हे गणित आहे, डॉक्टरांचा चेंगटपणा नव्हे. रक्तातले प्रमाण मोजण्याची सोय अनेक ठिकाणी नसते. तिथे डॉक्टर रुग्णाला बोटाकडे बघायला लावतात, बोट डावी-उजवीकडे नेतात आणि त्याला पावलाला पाऊल जोडून सरळ रेषेत चालायला सांगतात. रुग्णाला तो वेळकाढूपणा वाटतो. तो ताळा असतो.

सुरुवातीचे शाळेतले समीकरणही कमळांच्या रीतीने सुटत नाही, कारण त्यात ‘वजा ७’ हा न बदलणारा तुकडा आहे. अशा वेळी एका चुकीने भागत नाही, दोन लागतात. अरबी गणितात या पद्धतीचे नावच ‘दोन चुकांचा हिशेब’ असे होते. दोन अगदी बेधडक अंदाज घेऊ, ४ आणि २०. चार घातले की १३ येतात, ३५ कमी. वीस घातले की ९३ येतात, ४५ जास्त. आता पहिला अंदाज दुसऱ्या चुकीने गुणा, दुसरा अंदाज पहिल्या चुकीने गुणा. १८० आणि ७०० मिळून ८८०. दोन चुकांची बेरीज ८०. भागाकार ११. दोन्ही अंदाज साफ चुकलेले, तरी उत्तर बिनचूक.

इंग्रजीत ही रीत शिकवणाऱ्या सुरुवातीच्या लेखकांपैकी एक होता रॉबर्ट रेकॉर्ड, तोही डॉक्टर. त्याने लघवीच्या तपासणीवर पुस्तक लिहिले आणि १५५७ मध्ये दुसऱ्या एका पुस्तकात बरोबरीचे ‘=’ हे चिन्ह पहिल्यांदा छापले. दोन समांतर रेषांहून अधिक सारखे जगात काही असू शकत नाही, असे त्याचे कारण होते. जमलेल्यांतल्या लहान मुलांना किंवा अजाण माणसांना वाटेल ते आकडे सांगायला लावायचे आणि त्यांवरून अवघड प्रश्नाचे खरे उत्तर काढून मित्रांना चकित करायचे, हा त्याचा आवडता खेळ असल्याचे त्याने लिहून ठेवले आहे.

रक्त पातळ ठेवणाऱ्या वॉरफॅरिन गोळीचा डोस पुष्कळदा या दोन चुकांच्या मधेच सापडतो. या गोळीचा ताळा म्हणजे आयएनआर ही तपासणी. निरोगी माणसाचा आकडा १ च्या आसपास असतो. गोळी घेणाऱ्या बहुतेकांचा २ ते ३ मध्ये ठेवायचा असतो, काही झडपांसाठी थोडा वर. कुणाला दिवसाला २ मिलिग्रॅम पुरतात, कुणाला १० लागतात; वय, यकृत, बरोबरची औषधे आणि जनुके या सगळ्यांचा त्यात हात असतो. समजा ५ मिलिग्रॅमची गोळी आहे. आठवड्याला ३० मिलिग्रॅम दिले, आयएनआर आला १.८. थोडा कमी. ३५ केले, आला ३.२. थोडा जास्त. मग मधला आकडा, साडेबत्तीस. म्हणजे सोमवार ते शनिवार एक गोळी आणि रविवारी अर्धी. चिठ्ठीवरची ही ‘रविवारी अर्धी’ अनेकांना विचित्र वाटते. अर्ध्या गोळीने काय होणार आहे, म्हणून घरातले कोणीतरी ती परस्पर पूर्ण करून टाकते आणि दोन चुका करून मिळवलेले उत्तर पुसले जाते.

प्रत्येक अंदाजानंतर थांबावे लागते, आणि रुग्णांची सर्वांत जास्त चिडचिड होते ती या थांबण्यावर. वहीतल्या समीकरणात संख्या घातली की उत्तर क्षणात येते. शरीर मात्र बेरीज सावकाश लिहिते. औषधाचे रक्तातले प्रमाण निम्मे व्हायला जितका वेळ लागतो, त्याच्या चार-पाच पट काळ गेल्याशिवाय नव्या डोसचा खरा परिणाम दिसत नाही. थायरॉइडच्या गोळीत, म्हणजे थायरॉक्सिनमध्ये, हा निम्मे होण्याचा काळ सुमारे ७ दिवसांचा. दोन आठवड्यांनी तपासले तर नवा डोस तीन-चतुर्थांशच भरलेला असतो, आणि टीएसएच हे संप्रेरक तर त्याच्याही मागून चालत येते. म्हणून तपासणी सहा ते आठ आठवड्यांनी. पंधरा दिवसांत घाईने तपासणी करून ‘अजून जास्तच आहे’ म्हणत गोळी वाढवणे म्हणजे मुलगा बेरीज लिहीत असताना मध्येच वही ओढून ‘चूक’ असा शेरा मारणे.

टीएसएचचा आकडाही फसवा आहे. थायरॉक्सिन निम्मे झाले तर टीएसएच दुप्पट होत नाही, शंभरपटीच्या आसपास चढू शकते. एकाचे टीएसएच ४० आणि शेजारणीचे १० आले, म्हणून त्याला तिच्या चौपट गोळी लागेल असे मुळीच नाही. कदाचित पाव गोळीचा फरक असेल. व्हॉट्सॲपवर एकमेकींचे रिपोर्ट जुळवून पाहणाऱ्यांनी हे जरूर ध्यानात घ्यावे.

थांबण्याच्या या काळात दुसरे काही बदलून चालत नाही. थायरॉक्सिन रिकाम्या पोटी, नाश्त्याच्या अर्धा ते एक तास आधी पाण्याबरोबर घ्यायचे असते. कॅल्शियम आणि लोहाच्या गोळ्यांत आणि त्यात चार तासांचे अंतर हवे. कोणी मधल्या महिन्यात ती चहाबरोबर घ्यायला लागले, कोणी गुडघ्यांसाठी कॅल्शियम सुरू केले, तर तपासणीत आलेला फरक कशामुळे आला हे कसे कळणार? एका समीकरणात क्ष बरोबर य घुसला, की उत्तरांना अंत राहत नाही. वॉरफॅरिनचे तसेच. पालक, मेथी, कोथिंबीर यांतले के जीवनसत्त्व या गोळीच्या विरुद्ध काम करते. म्हणून पालेभाजी सोडायची नसते. ती दर आठवड्याला साधारण तेवढीच खायची असते. एरवी आठवड्यातून दोनदा पालेभाजी खाणाऱ्या घरात श्रावणभर रोज पालेभाजी शिजली, तर आयएनआर खाली येतो. दाढदुखीसाठी कोणी आणून दिलेली अँटिबायोटिक आणि वेदनाशामक गोळी याच्या उलट दिशेने घात करू शकते.

वहीतला अंदाज आणि औषधाचा अंदाज यांत एक मोठा फरक आहे. ५क्ष – ७ मध्ये १० धरले काय आणि १२ धरले काय, खोडरबर दोन्ही पुसते. शरीरात वरच्या बाजूची चूक आणि खालच्या बाजूची चूक यांची किंमत सारखी नसते. ६० किलो वजनाच्या तरुण माणसाची थायरॉइड ग्रंथी पूर्णच बंद असेल, तर किलोला १.६ मायक्रोग्रॅम या हिशेबाने १०० च्या आसपास गोळी लगेच सुरू करता येते. सत्तरीच्या, हृदयविकार असलेल्या माणसाला मात्र १२.५ किंवा २५ पासून सुरू करतात. तो आकडा कमी पडणार हे डॉक्टरांना पक्के माहीत असते; अहमेसच्या ७ सारखा तो जाणूनबुजून धरलेला असतो. कमी पडला तर काही आठवडे थकवा राहील, जास्त झाला तर छातीत कळ येईल. त्यामुळे खालूनच चढायचे.

इन्सुलिनमध्ये तर हे समीकरण सोडवायला पुष्कळदा रुग्णाच्याच हाती देतात. रात्रीच्या दीर्घ परिणामाच्या इन्सुलिनचा एक नेहमीचा नियम असा, की सकाळची उपाशीपोटीची साखर ठरवून दिलेल्या आकड्याच्या वर राहिली तर दर तीन दिवसांनी २ युनिट वाढवायचे आणि साखर एकदाही खूप खाली गेली तर डोस दहा ते वीस टक्के उतरवून डॉक्टरांना कळवायचे. कोणाला हा नियम लागू आणि कोणता आकडा गाठायचा, हे डॉक्टर लिहून देतात. शेजाऱ्याचा आकडा चालत नाही. हे नीट समजावून दिलेली, चौथीपर्यंत शिकलेली बाईसुद्धा आपला डोस चोख बसवू शकते. लग्नाच्या जेवणानंतर एका सकाळी साखर २५० दिसली म्हणून त्याच रात्री दहा युनिट वाढवणारा पदवीधर मात्र पहाटे घामाघूम होऊन, थरथरत उठतो.

शाळेच्या पुस्तकात या पद्धतीसाठी एक तक्ता असतो. पहिल्या रकान्यात क्षची धरलेली किंमत, दुसऱ्यात डावी बाजू, तिसऱ्यात उजवी बाजू, चौथ्यात ‘समान आहेत का?’ असा प्रश्न आणि खाली होय किंवा नाही. घरात यांपैकी कोणतेही औषध सुरू असेल, तर दोनशे पानी वहीत अगदी असाच तक्ता आखता येतो. तारीख आणि घेतलेला डोस, तपासणीत आलेला आकडा, हवा असलेला आकडा. चौथ्या रकान्यात, मधल्या काळात जे वेगळे घडले ते : गोळी चुकली, उपास केले, दुसरीकडून सर्दीचे औषध घेतले, गोळीची कंपनी बदलली, रक्त दुसऱ्या लॅबमध्ये दिले. प्रत्येक भेटीला ही वही डॉक्टरांपुढे ठेवायची. डॉक्टर बदलावेच लागले, तरी वही बरोबर न्यायची. मग नव्या डॉक्टरांना सोमवारी एक आणि रविवारी अर्धी कशासाठी, हे विचारावे लागत नाही, आणि पहिल्या अंदाजापासून सुरुवातही करावी लागत नाही.